शालिनीताईंची शिक्षा

फोन आला तेव्हा मी इंदिरा नगरच्या बाजारात कारल्यांच्या ढिगापाशी उभा राहून भाजीवाल्याशी नेहमीची हुज्जत घालत होतो. फोन प्रज्ञाचा होता. प्रज्ञा म्हणजे शालिनीताई मेश्राम यांची मुलगी. लखनौतच जन्मली, इथेच वाढली; मराठी सगळं समजतं, पण उत्तर हिंदीत देते. "काका, मम्मी नहीं रहीं," एवढंच ती म्हणाली आणि मी "अच्छा… अच्छा…" म्हणत राहिलो. कुणी गेल्याची बातमी ऐकून 'अच्छा' म्हणणारा हा कसला माणूस, असं तुम्हाला वाटेल. पण लखनौत इतकी वर्षं काढली की हा शब्द तोंडातून आपोआप निघतो, त्याला काही अर्थ उरत नाही. भाजीवाल्यानं माझा चेहरा पाहिला, हातातली पिशवी काढून घेतली आणि एक रिकामं क्रेट उलटं करून पुढे सरकवलं. "बैठ जाइए बाबूजी, बैठ जाइए." मी बसलो. आणि बसल्याबसल्या मला हजरतगंजमधला तो हॉल आठवला, जिथे शालिनीताईंनी भरसभेत मला खाली बसायला सांगितलं होतं. आमची ओळख अशी, माझ्या फजितीतून झालेली.

मी मूळचा कराडचा. बँकेनं बढती दिली आणि तिच्याबरोबर लखनौही दिलं. तेव्हा माझं हिंदी म्हणजे मराठीला 'है' लावायचं, एवढंच होतं. त्यात माझं डोकं फिरलेलं होतं, कारण इथल्या एका शेअर दलालानं मला न विचारता माझे शेअर विकून टाकले होते आणि जाब विचारला की "हो जाएगा, हो जाएगा" म्हणून बोळवण करत होता. अशा अवस्थेत एका दुपारी, जेवणाच्या सुट्टीत, हजरतगंजमधून चाललो असताना एका हॉलबाहेर मोठा फलक दिसला : निवेशक शिक्षा शिविर. निवेशक म्हणजे गुंतवणूकदार, हे बँकेच्या परिपत्रकांमुळे ठाऊक होतं. आणि शिक्षा? शिक्षा तर काय, अस्सल मराठी शब्द! मी मनात म्हटलं, वा रे सरकार! दलाल मोकळे आणि शिक्षा गुंतवणूकदाराला? तसाच आत घुसलो. मंचावर सुती साडी नेसलेल्या एक ठेंगण्या बाई माइकसमोर बोलत होत्या. मी मधल्या रांगेत उभं राहून गरजलो, "मॅडम, शिक्षा निवेशक को क्यों? निवेशक ने क्या गुनाह किया? शिक्षा दलाल को दीजिए!" लखनौची माणसं सभ्य. कुणी हसलं नाही. शेजारचे पांढऱ्या दाढीचे एक गृहस्थ मान डोलावून म्हणाले, "बजा फ़रमाया जनाब, दलालों को तो पहले शिक्षा मिलनी चाहिए." त्यानं मला आणखीच चेव आला. "मिलनी चाहिए, तो कब मिलेगी?" मंचावरच्या बाईंनी एव्हाना माझा हेल ओळखला होता. त्यांनी माइकवर हात ठेवला आणि चक्क मराठीत म्हणाल्या, "भाऊ, बसा ना खाली. काहून एवढे तापून राहिले? इकडे शिक्षा म्हणजे शिक्षण हो…" आणि पुढचं वाक्य त्यांना पुरं करता येईना. पदरानं डोळे पुसेपर्यंत हसल्या. मी बसलो. दुसरं काय करणार?

शिबिर संपल्यावर मात्र त्यांनी मला थांबवून घेतलं. त्या शेअर बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या सरकारी नियामकाच्या इथल्या कार्यालयात अधिकारी होत्या. माझं सगळं ऐकून घेतल्यावर त्यांनी एकच प्रश्न विचारला, "विकायची परवानगी तुम्ही दिली होती का?" मी म्हटलं, नाही. "मग ती परवानगी त्यानं दाखवायची आहे, तुम्ही नाही. लेखी तक्रार करा." मी केली. दलालाला माझी परवानगी कुठेच दाखवता येईना, आणि ज्याच्या पायऱ्या मी दोन महिने झिजवल्या तो माणूस स्वतः माझ्या बँकेत येऊन शेअर परत करून गेला. परक्या शहरात, जिथे मला रिक्षावाल्याचं बोलणंसुद्धा दोनदा समजून घ्यावं लागे, तिथे एक नियमांचं पुस्तक माझ्या बाजूनं उभं आहे, हे मला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं. त्यानंतर मात्र माझी सुटका नव्हती. ताईंनी प्रत्येक शिबिराची सुरुवात माझ्या गोष्टीनं करायला घेतली. "एक हमारे मराठी भाई साहब थे…" असं म्हणून त्या जरा थांबायच्या. नाव कधी घेतलं नाही, पण मी हॉलमध्ये असलो की माझ्याकडे बघून भुवया उडवायच्या. मला राग यायचा नाही. उलट, माझ्याच फजितीवर हॉल हसतोय हे बघायला मी मुद्दाम जायचो.

ताई भंडाऱ्याच्या. वडील विडीच्या कारखान्यात कामाला. घरात पदव्युत्तर शिक्षण घेतलेल्या त्या पहिल्या. नवरा रेल्वेत. लखनौ मिळालं आणि दोघं विकास नगरात भाड्याच्या घरात राहायला आली, ती कायमचीच. शेअर बाजारातल्या भल्याभल्यांना नोटिसा धाडणाऱ्या या बाईंच्या स्वतःच्या नावावर एकही शेअर नव्हता. नोकरीचे नियमच तसे कडक. स्वतःचे काय, घरच्यांचे व्यवहारही कार्यालयाला कळवावे लागत. मी चिडवायचो, "ताई, तुम्ही म्हणजे मिठाईच्या दुकानातल्या मधुमेही." त्या म्हणायच्या, "म्हणूनच तर मिठाई शिळी झालेली मला आधी समजते." शिकवायची त्यांची पद्धत साधी होती. शिबिराला आलेल्या बायकांना विचारायच्या, "चिकन का कुर्ता लेते समय आप क्या देखती हैं?" बायका एका सुरात सांगायच्या, "उलटा करके!" कारण चिकन म्हणजे लखनौचं भरतकाम; त्यात हाताचे टाके आहेत की मशीनचे, ते आतल्या बाजूनं कळतं. मग ताई म्हणायच्या, कंपनीचा कागदही असाच उलटा करून, शेवटाकडून वाचा. जोखीम लिहिण्याची त्यांच्यावर सक्ती आहे, म्हणून त्यांनी ती लिहिलेली असते. आता वाचायची ती तुम्ही. आणखी एक गोष्ट त्या न चुकता सांगत. भाव पडला तर सरकार काही करणार नाही, करूही नये, कारण तो बाजार आहे. पण तुम्हाला कुणी पाडलं, खोटं सांगून, लपवून, तुमच्या परस्पर विकून, तर मात्र आमचं दार वाजवा. ही दोन वाक्यं मला इतकी पाठ झाली होती की बँकेत येणाऱ्या ग्राहकांना मी ती माझीच असल्याच्या थाटात ऐकवत असे.

आता जे सांगायचं आहे ते सांगताना मान खाली जाते… पण न सांगितलं तर ताई काय होत्या ते तुम्हाला कळणार नाही. माझं पाठांतर पहिल्यापासून दांडगं; घोडं अडतं ते वागण्यात. मी निवृत्त झालो त्याच सुमारास आमच्याच बँकेतून मुदतीआधी निवृत्ती घेतलेल्या सक्सेनाजींनी इंदिरा नगरात एक सल्ला केंद्र उघडलं. लखनौत मी नवा असताना मला घर मिळवून देणारा हा माणूस, म्हणून माझा त्यांच्यावर भारी विश्वास. तुम्ही पैसे माझ्याकडे द्या, बाजारात काय घ्यायचं अन् काय विकायचं ते मी बघतो, तुम्हाला दर महिन्याला ठरलेली रक्कम नक्की मिळेल, असं त्यांचं म्हणणं. शेअर बाजार आणि 'नक्की' हे दोन शब्द एका वाक्यात आले की उठून चालू लागा, हे ताईंनी शंभरदा सांगितलेलं. मी उठलो नाही. पहिले काही महिने रक्कम वेळेवर आली आणि मी आमच्या मराठी मंडळातल्या चार घरांना सांगितलं. बँकेतला माणूस सांगतोय म्हणून त्यांनी डोळे मिटून पैसे दिले. त्यात एक सरोजकाकू, एकट्या राहणाऱ्या निवृत्त शिक्षिका. आणि दुसरे… ताईंचे यजमान, मेश्रामसाहेब. ते मला बाजूला घेऊन म्हणाले होते, "शालिनीले सांगू नका भाऊ. तिच्या ऑफिसचे नियम लय कडक. ती रिटायर व्हायच्या आत भंडाऱ्याले घर घेतो अन् एकदम किल्लीच ठेवतो तिच्या हातावर." भंडाऱ्याला घर, मागे दोन झाडं आणि पुढे तळ्याकडे तोंड, हे ताईंचं जुनं स्वप्न आम्हा सगळ्यांना माहीत होतं. मला तो बेत इतका गोड वाटला की मी तोंडाला कुलूप लावलं.

संक्रांतीला मंडळाचा तिळगूळ आमच्या घरी होता. तोवर सक्सेनाजींची रक्कम दोन महिने आलेली नव्हती आणि मी "हो जाएगा" हे वाक्य आता दुसऱ्या बाजूनं ऐकत होतो. बायका आतल्या खोलीत, आम्ही दाराशी. एवढ्यात माझी बायको मंगल ताईंच्या हातावर लाडू ठेवता ठेवता अगदी निरागसपणे म्हणाली, "ताई, मेश्रामभाऊंचं तरी आलं का हो सक्सेनांकडून? आमचं तर दोन महिने नाही." मी दारातून खोकलो. फार उशिरा खोकलो. ताईंनी माझ्याकडे पाहिलं. "भाऊ, सक्सेनांचा आमच्याकडचा नोंदणी क्रमांक काय?" मी म्हटलं, "असेल ना ताई…" "तुम्ही पाहिला?" मी दाराच्या कडीशी चाळा करू लागलो. ताईंनी लाडू सावकाश संपवला, पाणी प्यायल्या, मंगलला "छान झालाय गं" म्हणाल्या आणि चपला घातल्या. मेश्रामसाहेब त्यांच्या मागोमाग गेले. त्यांनी वळून माझ्याकडे टाकलेली नजर अजून अंगावर येते.

त्याच रात्री मी सक्सेनाजींना फोन करून ताईंना कळल्याचं सांगितलं होतं. दुसऱ्या दिवशी दुपारी मला त्यांचा फोन आला. आवाज एकदम मधाळ. "भाई साहब, घर की बात घर में रहे तो अच्छा. आपका और मेश्राम साहब का पूरा हिसाब परसों तक कर देता हूँ. बाक़ी लोगों को थोड़ा वक़्त दे दीजिए. बस, बात मैडम के दफ़्तर तक न जाए." खोटं कशाला बोलू, मला आनंद झाला. आपली मूळ रक्कम वाचली, मेश्रामसाहेबांचं घर वाचलं, ताईंच्या नावाला डाग लागता लागता राहिला! संध्याकाळी मी स्कूटर काढून विकास नगर गाठलं आणि दारातूनच बातमी सांगितली. मेश्रामसाहेब टेबलाशी बसले होते; त्यांचा चेहरा असा उजळला की काय सांगू. "झालं मग! परवाच भंडाऱ्याले घराचं टोकन पाठवून देतो." ताई ओट्याशी कोथिंबीर निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "मी आज सकाळीच ऑफिसात पत्र दिलं."

"कसलं पत्र?" मेश्रामसाहेबांनी विचारलं.

"सक्सेना नोंदणीशिवाय लोकांचे पैसे घेऊन राहिले, हे मला कळलं ते. आणि माझ्या नवऱ्याचेही पैसे त्यात आहेत, मला आजवर माहीत नव्हतं, म्हणून ही फाईल माझ्याकडे देऊ नका, हे."

"माझं नाव लिहिलं तू?"

"लिहिलं."

मी मध्ये पडलो. शिक्षा दलालाला द्या म्हणून भरसभेत गरजणारा मी, त्या संध्याकाळी काय म्हणालो ते ऐका. म्हणालो, "ताई, पत्र मागे घेता येतं. आधी आपले पैसे तर येऊ द्या." ताई माझ्याकडे वळल्या. रागावल्या नव्हत्या, शिबिरात एखाद्याला समजलं नाही की पुन्हा सांगायच्या, तशा बोलल्या. "परवा तुम्हाला जे मिळतील ते सक्सेनांचे असतील असं वाटते का भाऊ? ते सरोजकाकूंचे असतील. ज्याची ओळख आहे त्यानं आधी उचलायचं आणि ज्याची नाही त्यानं मागं राहायचं… हे होऊ नये म्हणून तर खाती गोठवतात. आता माझ्या नवऱ्यापुरतं दार उघडं ठेवू, आणि मग गोठवू?" मेश्रामसाहेब उठले, चप्पल घालून बाहेर गेले. दार आपटलं नाही, हळूच ओढून घेतलं, ते जास्त लागलं. ताई पुन्हा कोथिंबिरीकडे वळल्या. उरलेली जुडी निवडून झाली, मग एकदम म्हणाल्या, "घर तर मलेही पाहिजे होतं ना भाऊ…" एरवी न चुकता 'मला' म्हणणाऱ्या ताईंच्या तोंडून 'मले' मी तेव्हा पहिल्यांदा ऐकलं. मला तिथे उभं राहवेना.

पुढचे आठ दिवस मेश्रामसाहेब ताईंबरोबर जेवले नाहीत. इकडे मला तक्रार लिहायची होती. ताई लिहून देतील या भरवशावर मी पुन्हा गेलो, तर त्या म्हणाल्या, "मी यात स्वल्पविरामालाही हात लावणार नाही. ऑफिसच्या वेबसाइटवर जा. तिथं सगळं दिलेलं आहे, तुमच्यासारख्यांसाठीच दिलेलं आहे." मी फणफणत घरी आलो. एवढी ओळख काय चाटायची, असंही मंगलला म्हणालो. मंगलनं मला संगणकापुढे बसवलं आणि सक्सेनाजींचे सगळे निरोप एकेक करून जोडले, ते 'नक्की' लिहिलेलेसुद्धा. सगळ्यात जड गेलं ते एक वाक्य लिहायला : या योजनेची शिफारस मी स्वतः आणखी चार कुटुंबांना केली. ते लिहिलं आणि दुसऱ्या दिवशी चारही घरी जाऊन वाचून दाखवलं. दोन घरांत पाणीही विचारलं नाही. बरोबरच होतं त्यांचं. मेश्रामसाहेबांनी शेवटपर्यंत ऐकलं आणि दाराकडे बोट दाखवलं. सरोजकाकूंनी चष्मा लावून कागद स्वतः पुन्हा वाचला, शाळेच्या सवयीनं एक वेलांटी सुधारली आणि म्हणाल्या, "माझंही नाव घाला. सही कुठे करू?"

काही महिन्यांनी आदेश आला. सक्सेनांना बाजारात कुठलंही काम करायला बंदी, बँक खाती आधीच गोठवलेली, आणि जे सापडलं ते सगळ्यांना सारख्या प्रमाणात परत. पूर्ण रक्कम कुणालाच मिळाली नाही. नियामक म्हणजे काही जादूगार नव्हे, आणि गेलेलं सगळं परत आणतो असं ताईंनी कधी म्हटलंही नव्हतं. पण खाती वेळेत गोठली म्हणून काहीतरी उरलं, आणि जे उरलं त्यातला सरोजकाकूंना ज्या हिश्शानं वाटा मिळाला त्याच हिश्शानं एका अधिकाऱ्याच्या नवऱ्याला मिळाला. एक दमडी जास्त नाही, एक दिवस आधी नाही. मला शालिनीताईंचा अभिमान वाटतो तो यासाठी. शिबिरं पुष्कळ अधिकारी घेतात. भंडाऱ्याचं घर त्या वाट्यात बसणारं नव्हतं. ते झालं नाही. आदेश हातात पडला त्या दिवशी मी ताईंना फोन करून म्हटलं, "झाली बुवा एकदाची शिक्षा!" तिकडून लगेच प्रश्न आला, "कोणती? मराठी का हिंदी?" मी म्हटलं, "मराठी सक्सेनांना. हिंदी मला." आणि त्या कित्येक महिन्यांनी तशा हसल्या, हॉलमधल्यासारख्या.

त्यांच्या निरोपसमारंभाला आम्ही गेलो होतो. त्यांचे वरिष्ठ जुन्या लखनवी घराण्यातले, फार तोलून बोलणारे. भाषणात ते म्हणाले, "इतने बरसों में मेरी मेज़ पर जो सबसे मुश्किल काग़ज़ आया, वह सबसे छोटा था. मैडम जानती हैं, कौन-सा." एवढंच बोलून त्यांनी विषय बदलला. बाकी सभागृहाला काही उलगडलं नाही. माझ्या शेजारी बसलेले मेश्रामसाहेब आपल्या बुटांकडे बघत राहिले… पण घरी जाताना ताईंच्या हातातले हारतुरे त्यांनी आपल्याकडे घेतले.

निवृत्तीनंतरही ताई शिबिरं घेतच राहिल्या. माझी गोष्ट सांगायच्या, सक्सेनांसारख्यांची सांगायच्या, पण आपल्या घरातली कधीच नाही. मी एकदा विचारलं, "ताई, ती सांगाल तर लोकांच्या डोक्यात पक्कं बसेल. अधिकाऱ्याच्या घरीसुद्धा होऊ शकतं, म्हणून." त्यांनी मान हलवली. "ती गोष्ट प्रज्ञाच्या बाबांची आहे, भाऊ. ऑफिसला सांगणं माझं काम होतं, ते मी केलं. हॉलात सांगायची का नाही, ते त्यांचं ते ठरवतील." आणि तो विषय त्यांनी मिटवला. मग पोटाचं दुखणं निघालं. चार महिनेही मिळाले नाहीत. शेवटच्या भेटीत दवाखान्यात त्या मला म्हणाल्या, "भाऊ, विकास नगरचं शिबिर लागलेलं आहे. मला जमलं नाही तर कुणाला तरी बोलवा… पण हॉल सोडू नका, मोठ्या मुश्किलीनं मिळाला."

ताईंच्या घरच्या बौद्ध रीतीप्रमाणे पुण्यानुमोदनाचा दिवस झाला. वंदना झाली, माणसं आली, गेली. शिबिराच्या आयोजकांनी प्रज्ञाला फोन करून हळूच विचारलं, रद्द करायचं ना? प्रज्ञा मला म्हणाली, "काका, मैं हाँ बोलने ही वाली थी. पापा ने फ़ोन ले लिया. बोले, रद्द मत कीजिए, मैं आऊँगा." मला खरंच वाटेना. ताईंना प्रत्येक शिबिराला स्कूटरवरून सोडायला हा माणूस जायचा, पण इतक्या वर्षांत एकदाही हॉलच्या आत आलेला नव्हता.

मागच्या रविवारी आले. इस्त्रीचा पांढरा शर्ट, हातात काही नाही. मी आणि मंगल पहिल्या रांगेत, सरोजकाकू आमच्या शेजारी. मंचामागे तोच जुना फलक लावलेला होता, निवेशक शिक्षा शिविर. मेश्रामसाहेब माइकपाशी गेले, दोन्ही हातांनी स्टँड धरला आणि तो आपल्या उंचीइतका वर घेतला. मग म्हणाले, "मेरा नाम मेश्राम. रेलवे में था. शालिनी मैडम मेरी पत्नी थीं." लोकांनी हात जोडले. ते पुढे बोलले, "मैडम आपको बहुत लोगों के क़िस्से सुनाती थीं. एक क़िस्सा उन्होंने कभी नहीं सुनाया. बिना रजिस्ट्रेशन वाले आदमी को अपनी सारी जमा-पूँजी मैंने दी थी. उनसे छिपाकर दी थी." मंगलनं माझा हात घट्ट धरला. मागच्या बाजूनं एका वयस्क माणसानं विचारलं, खोचकपणे नाही, खरंच कळत नव्हतं म्हणून, "भाई साहब, मैडम ने आपको नहीं समझाया था?"

मेश्रामसाहेबांनी त्या माणसाकडे पाहिलं.

"सबको समझाती थीं. यहीं, अंदर. मैं बाहर स्कूटर के पास चाय पीता था…" ते थांबले, शर्टाच्या बाहीनं तोंड पुसलं. "आज अंदर आया हूँ. पूछिए, क्या पूछना है."